डाव्या पायात दुसऱ्याची चप्पल

ज्या गावाला मी गेलो त्याचं नाव या लेखात येणार नाही. राणीसावरगावला यष्टीतून उतरायचं आणि पुढं चालत जायचं, एवढंच सांगतो. याहून जास्त लिहू नका असं मला दोन माणसांनी वेगवेगळं बजावलं आणि ती दोघं तेव्हा एकमेकांशी बोलत नव्हती.

माझी सगळी नोकरी विम्याच्या दाव्यांची चौकशी करण्यात गेली. कडब्याची गंजी जळाली असं कुणी कळवलं की काडी कुणी लावली ते आधी शोधायचं. बैल मेला म्हणून अर्ज आला की मुळात बैल होता का, इथून सुरुवात. घरात दूध नासलं तरी हे दूधवाल्याचा जबाब घेतील, असं बायको म्हणते, आणि ते अगदीच खोटं नाही. निवृत्त झाल्यावर लोक काशीला जातात. मी मात्र भुताखेतांच्या जागा बघत हिंडतो. आजवर एकही खरी निघाली नाही. एका ठिकाणी घुबड निघालं, एका ठिकाणी हातभट्टी.

सेलू

सेलूला माझा जुना सहकारी वसंता एका जिनिंगमध्ये मॅनेजर आहे. कापसाचे दिवस होते. बाजारात बैलगाड्यांची रांग हलत नव्हती आणि वाऱ्यावर उडणारी तुसं माणसांच्या मिशांवर बसत होती. वसंताच्या घरी सकाळी सुशीला खाल्ला. भिजवलेल्या मुरमुऱ्यांना फोडणी, वर कोथिंबीर. आम्ही कोल्हापूरकर मुरमुऱ्यांचं भडंग करतो, ते दातांखाली वाजलं पाहिजे. चांगले कुरकुरीत मुरमुरे पाण्यात का बुडवायचे, हे मला पहिल्या घासाला कळलं नाही. तिसऱ्या घासाला मी आणखी वाढा म्हणालो.

तिथंच वसंतानं त्या रानाची गोष्ट काढली.

"तुला चकवा माहीत आहे ना?"

न माहीत असायला काय झालं? अंधारात रानातून येताना माणूस त्याच बांधाभोवती फिरत राहतो आणि उजाडल्यावर बघतो तर घर हाकेच्या अंतरावर. मग सदरा उलटा करून घालायचा, नाहीतर डाव्या पायातली चप्पल उजव्या पायात. माझं मत विचाराल तर अशा वेळी माणूस कुठून येत होता आणि काय पिऊन येत होता, हे आधी विचारावं.

"हा चकवा भर दुपारी लागतो," वसंता म्हणाला. "आणि आपोआप लागत नाही. लोक मुद्दाम आत जायचे. बहात्तरच्या दुष्काळात सगळी गुरं छावणीत होती, पण त्या गावची नव्हती. गवत कुठून आणता म्हणून कुणी विचारलं तर सांगत नसत. आता आठेक वर्षं झाली, एक माणूस आत राहिला तेव्हापासून बंद आहे. त्याचा भाऊ दत्तराव आमच्याकडं कापूस घालतो. चिठ्ठी देऊ?"

गवत चोरलेलं असणार, ही माझी पहिली शंका. दुसरी शंका त्या राहिलेल्या माणसाविषयी होती, आणि ती अर्थातच जास्त वाईट होती.

राणीसावरगाव

यष्टीत शेजारच्या म्हाताऱ्यानं मला विचारलं, "आडनाव काय म्हनलाव?"

मी काहीच म्हटलं नव्हतं. कोल्हापूरकडं माणूस गाव विचारतो, मग कुणाचे पाहुणे ते विचारतो, आडनाव ओघानं येतं. इथं आडनावाशिवाय गाडी पुढं सरकेना. मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचं की नाही हा वाद तेव्हा धुमसतच होता आणि आडनाव कळलं की माणूस कोणत्या बाजूचा ते कळलं, असा सगळ्यांचा हिशेब होता. मी नुसतं "कोल्हापूरचा" म्हणालो. म्हाताऱ्यानं खिडकीकडं तोंड केलं. पुढच्या बाकावरचे दोघं मात्र मागं वळून बघायला लागले.

उतरताना पिशवीचा बंद तुटला. स्टँडसमोर एक शिंप्याचं दुकान होतं. आत पन्नाशीकडं झुकलेला, दाढीचे खुंट वाढलेला माणूस मशीन चालवत होता. मागं भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो, त्याच्या चौकटीला झेंडूचा सुकलेला हार. त्यानं बंद शिवला, वर सुतळीची एक गाठ मारून दिली आणि विचारलं, "कुठं निघालाव?"

मी गावाचं नाव सांगितलं. त्याचा पाय मशीनवर थांबला.

"कोनाकडं?"

"दत्तरावांकडं."

"काय काम हाय?"

"रान बघायचंय."

त्यानं माझ्याकडं बघितलं नाही. खाली माझ्या पायांकडं बघितलं. "कोल्हापुरी हाय का? चांगली हाय चप्पल." मग दातानं धागा तोडत म्हणाला, "तुमी पोलिसांचे तर न्हाई ना?"

"नाही."

"मंग आत कोन नेनार तुमाला? आत नेनारा एकच मानूस उरलाय." मशीन परत सुरू झाली. "तो मी. किसन माझं नाव. दत्तरावाला इचारून बगा, माझं नाव घेतल्यावर जेवू घालतो का ते."

गाव

दत्तरावानं जेवू घातलं. ज्वारीची भाकरी, भाजक्या डाळी-धान्याचा येसर मसाला घातलेली आमटी, तेलाची धार घेतलेला ठेचा. भाकरी पातळ आणि परातीएवढी. आमच्याकडं भाकरी चुरून तांबड्या रश्शात बुडवतात, इथं ठेच्याचा एक कण घेऊन अर्धी भाकरी संपवतात. मी त्यांच्यासारखं करायला गेलो आणि नाकाडोळ्यांतून पाणी आलं तेव्हा घरातल्या बायका पदराआड हसल्या. त्या घरात ऐकू आलेलं तेवढंच हसू.

दत्तराव साठीचा, रुंद हाडाचा, पांढऱ्या मिशांचा. वसंताची चिठ्ठी त्यानं दोनदा वाचली. मी चौकशीच्या कामातला माणूस आहे, हे वाचून त्याचा आवाज बदलला.

"तुमी हुडकून काढता ना? खरं-खोटं?"

"काढायचो."

"मंग ऐका."

त्यानं सांगितलेलं असं. त्याच्या शेताच्या टोकाला घायपाताची रांग आहे. तिच्यात एक खिंड आहे. खिंडीपलीकडं बैलगाडी जेमतेम उभी राहील एवढी पड जागा, की लगेच शेजाऱ्याची तूर. एकटा माणूस त्या खिंडीतून गेला तर तुरीत निघतो. पण दोघांनी डाव्या पायातल्या चपला बदलल्या आणि बरोबर पाऊल टाकलं की तूर येत नाही. रान येतं, त्यापलीकडं बांध, बांधापलीकडं परत रान. ते सरत नाही. जोडी मात्र परक्या चुलीची पाहिजे. एका चुलीवर जेवणारे दोघं आत गेले तर एकमेकांना धरून बसतात आणि दोघंही जातात. परक्याची चप्पल पायात असली की माणूस त्याला सोडून जात नाही, कारण ती परत द्यायची असते. आणि आपलीही परत घ्यायची असते.

"माझा धाकटा मुंजाजी आन् तो किसन, ही जोडी. त्यांच्याइतकं आतलं रान कोनाला ठावं नव्हतं. आमी नुसतं गवतापुरतं जायाचो. ती दोघं लय आत जायाची."

मग नामांतराच्या वादातल्या जाळपोळीचं साल आलं. शेजारच्या गावांतून जमाव आला आणि नदीकडच्या बौद्ध वस्तीतली घरं पेटली. मुंजाजीनं आणि किसननं वस्तीतल्या बायका-लेकरांना त्या खिंडीतून आत नेलं. पदराला पदर बांधून सगळी रांगेत, पुढं किसन, शेवटी मुंजाजी. तिसऱ्या प्रहरी रांग बाहेर आली. सगळी आली. मुंजाजी आला नाही.

"मी इचारलं, माझा भाऊ कुठाय? तर म्हनतो, 'मागंच होता, येईल.' त्याच्या पायात माझ्या भावाची चप्पल! आजवर येईलच म्हनतो."

"तुम्हाला काय वाटतं?"

"घरं जळाली त्यांची. राग कोनावर काढला? हातात सापडला त्याच्यावर." दत्तरावानं तंबाखू तळहातावर जोरात चोळली. "पोलिसांनी नेलं, सबूत न्हाई म्हनून सोडलं. मी दोनदा जोड्या पाठवल्या आत. गवत घेऊन आले. मी सोता जानार व्हतो, मायनं जाऊ दिलं न्हाई. तवापासून वस्तीतल्या मानसाला मी बांधावर पाय ठेवू देत न्हाई. आन् त्या दिवशी मी घरीच व्हतो. पार संध्याकाळपस्तोर."

मी ते विचारलं नव्हतं. आमच्या धंद्यात न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर मिळालं की त्याच्याखाली रेघ मारतात.

दुपारी मी त्याची आई सोजराबाई हिच्याजवळ बसलो. ती अंगणात बाजेवर बसलेली होती आणि मलाही तिनं बाजेच्या कडेला बसवलं. बसता बसता माझ्या लक्षात आलं की बाजेची वीण उलटी आहे. सुंभ सगळीकडं उजवीकडून डावीकडं जातो, इथं तो डावीकडून उजवीकडं गेला होता आणि गाठीही आरशात बघितल्यासारख्या उलट्या.

"मुंजाजीनं इनली," ती म्हणाली. "डावखोरा हाय."

'हाय' म्हणाली, 'होता' नाही.

"किसननं काही केलं असेल असं वाटतं का तुम्हाला?" मी विचारलं.

तिनं सुपातली ज्वारी एकदा पाखडली. "मला कोनाचंच काय वाटत न्हाई बाबा. किसन म्हनतो येईल. दत्ता म्हनतो मारला. दत्ताला इचारा, त्या दिवशी तू कुठं व्हतास."

"घरी होते म्हणतात."

"मी व्हते की घरी," सोजराबाई म्हणाली आणि सूप घेऊन आत गेली.

सांगायला संकोच वाटत नाही, त्या रात्री मी दाराची कडी दोनदा तपासली. गावात भला माणूस कोण ते मला कळेना आणि प्रत्येकानं मला दुसऱ्याबद्दल सावध केलं होतं.

मला आत जाऊ द्यायला दत्तराव शेवटी तयार झाला तो एका अटीवर. किसनबरोबर मी आत जावं आणि हाडं सापडली तर बाहेर येऊन चारचौघांत सांगावं. किसनला निरोप गेला. तो यायला तयार झाला, तेव्हा मला आणखी शंका आली. इतकी वर्षं ज्याला बांधावर येऊ दिलं नाही, तो एका बोलावण्यात कसा आला?

खिंड

सकाळी मी एकटा जाऊन ती जागा बघून आलो. घायपाताच्या काटेरी पात्यांमधून शिरलो आणि चार पावलांत शेजाऱ्याच्या तुरीत निघालो. भोवती फिरून बघितलं. भुयार नाही, विहीर नाही, ओढा नाही. तुरीतल्या माणसानं शिवी घातली तेवढी खरी होती.

किसन दुपारी आला. अंगावर धुतलेला पांढरा सदरा, खांद्याला पिशवी. वस्तीतली दहा-बारा माणसं अंतर राखून उभी होती, गावातली बांधावर. मधे कुणी नव्हतं. किसन त्या मोकळ्या जागेतून चालत आला.

"पिशवीत काय आहे?" मी विचारलं.

त्यानं उघडून दाखवली. फडक्यात गुंडाळलेली एक डाव्या पायाची चप्पल होती. तेल पाजून मऊ ठेवलेली, अंगठा नवा शिवलेला.

"मुंजाजीची. त्या दिवसापासून माझ्यापाशी हाय. त्याची त्याला द्यायचीय. पर जोडीशिवाय जाता येत न्हाई आन् ह्या गावात मला जोडी कोन देनार? वस्तीतले म्हनतात, परत त्या फंदात पडू नगं. तुमी परके हायत म्हनून बरं झालं. काढा."

"काय?"

"डावी."

माझ्या चपला कोल्हापूरकडच्या कापशी गावच्या, ओळखीच्या माणसाकडून बनवून घेतलेल्या. त्यांतली एक काढून अनोळखी माणसाला द्यायची आणि त्याची सैल, घामट चप्पल आपल्या पायात घालायची, हे मला जड गेलं. त्यातही मनात आलं ते असं की विजोड चपला घातलेल्या माणसाला पळता येत नाही. बांधावर कुणीतरी हसलं. दत्तराव हसला नाही. तो नुसता आमच्या चार पायांकडं बघत होता.

पाऊल टाकलं. तूर आली नाही.

मी यावर काय म्हणू? पुढं एक रान होतं, ज्वारी हुरड्याला आलेली, कणसं इतकी जड की ताटं वाकलेली. पलीकडं बांध. बांध ओलांडला, तर तीच ज्वारी गुडघ्याएवढी. पुढच्या बांधापलीकडं नुसती काळी ढेकळं आणि भेगा पडलेल्या. वर ऊन होतं, पण सूर्य जिथला तिथं. सावल्या एकाच बाजूला पडून राहिलेल्या. पाखरू नाही. माणसाचा आवाज नाही.

"पाय आपटत चला," किसन म्हणाला. "माझा आवाज तुमाला यायला पायजे, तुमचा मला. आन् मधी बांध पडू देऊ नका. एका रानात असलं पायजे दोघांनी."

खुणेसाठी मी खिशातल्या भाजक्या शेंगा खात टरफलं टाकत चाललो होतो. चौथ्या की पाचव्या रानात मला समोर टरफलं दिसली. माझीच, मीठ लावलेली. आपण वर्तुळात फिरतोय हे उघड होतं, आणि वर्तुळात फिरवणारा माणूस काहीतरी लपवतो, हेही मला उघड वाटलं. किसन तर आता झपाझप चालायला लागला होता. एकदा त्यानं हाक मारली, "मुंजा!" आणि कान दिला. ती हाक माझ्यासाठी चाललेलं नाटक आहे असं मला वाटलं. हाडं जिथं असतील तिथून तो मला लांब ठेवतोय, असं मी ठरवून टाकलं.

म्हणून मी एका बाभळीमागं थांबलो. त्याला पुढं जाऊ द्यायचं आणि तो एकटा असताना काय करतो ते बघायचं. नोकरीत ही युक्ती मला नेहमी फळली होती. किसन पुढचा बांध चढला आणि उतरला. त्याच्या पायांचा आवाज बंद झाला. मी धावत बांधावर चढलो, पलीकडं उडी टाकली आणि घायपाताच्या खिंडीतून बाहेर दत्तरावाच्या पुढ्यात येऊन पडलो.

बांध

"दुसरा कुठाय?" दत्तरावानं विचारलं.

"मागंच होता, येईल," मी म्हणालो.

म्हणालो आणि माझं मलाच ते ऐकू आलं.

वस्तीकडून एक बाई चालत आली. ती किसनची बायको होती. तिनं माझ्या डाव्या पायातली तिच्या नवऱ्याची चप्पल बघितली. "आमच्या मानसाला काय केलं?" तिनं विचारलं, ओरडली नाही. मी सांगत राहिलो, बाभूळ, बांध, आवाज बंद झाला. सांगता सांगता मला कळत होतं की यातलं एक अक्षरही मी दुसऱ्या कुणाकडून ऐकलं असतं तर मानलं नसतं. दावा फेटाळला असता आणि वर पोलिसांत द्या म्हणून शेरा मारला असता. गावातलेच दोघं कुजबुजले, "ह्याला दत्तरावानंच आनलाय. दोघांचं ठरलेलं दिसतंय." वस्तीतल्या तरुणांनी माझी वाट अडवली. मला खरंच भीती वाटली. पाणी हवं होतं, पण मागायची हिंमत होत नव्हती.

सोजराबाई तांब्या घेऊन आली.

"बसा इथं खाली," ती म्हणाली. "किसन आठ वर्सं बसला. तुमी दिवस मावळूस्तोर तर बसा."

बसलो. ऊन उतरत गेलं. त्या सगळ्या वेळात मी ती सैल चप्पल पायातून काढली नाही. काढावीशी वाटली, पण वस्तीतली ती बाई तिच्यावर नजर लावून बसली होती.

दिवस मावळायच्या आत किसन आला. घायपात बाजूला सारत वाकून बाहेर आला तेव्हा त्याच्या हातात माझी चप्पल होती. त्यानं ती आधी माझ्यापुढं ठेवली. "मधी बांध पडू देऊ नका म्हनलो व्हतो ना?" एवढंच म्हणाला.

त्याच्या डाव्या पायात जुनी चप्पल होती. टाच झिजून कागदासारखी झालेली आणि तुटलेला पट्टा घायपाताच्या दोरीनं बांधलेला.

"भेटला?" सोजराबाईनं विचारलं.

"भेटला. त्याची त्याला दिली, माझी मला घेतली."

"खोटं!" दत्तराव पुढं आला. "ही तुझ्याच घरात पडून व्हती. तूच घालून झिजवली."

खरं सांगतो, माझ्याही मनात तेच आलं होतं. मी खाली वाकलो आणि पट्ट्याची गाठ बघितली. मग माझ्या पिशवीच्या बंदावर किसननं मारलेली गाठ बघितली. पिशवीची उजव्या हाताची होती आणि पट्ट्याची उलटी, बाजेवरच्या गाठींसारखी. सोजराबाईला ताडून बघावं लागलं नाही. तिनं किसनच्या पायाजवळ बसून त्या गाठीवर बोट फिरवलं, जसं लेकराच्या कपाळावर फिरवावं तसं.

"मेलेल्या मानसाची चप्पल झिजत न्हाई, दत्ता," ती म्हणाली.

"मंग संगं का न्हाई आनला?" दत्तरावाचा आवाज फाटला. "का आला न्हाई तो?"

किसननं बांधावरच्या सगळ्या माणसांवरून एकदा नजर फिरवली. मग त्यानं सांगून टाकलं.

"तिथं दिवस मावळत न्हाई. त्याला वाटायलंय अजून तीच दुपार हाय, न्हाईतर दुसरा-तिसरा दिवस. म्हनला, पेटवापेटवी थांबली का? म्या म्हनलं, थांबली. म्हनला, नाव दिलं का इद्यापीठाला? म्या म्हनलं, न्हाई अजून. तर म्हनला, मंग थांबली कशी?" किसन दत्तरावाकडं बघत होता. "त्यानं तुमाला बगितलं व्हतं दत्तराव. वस्तीच्या तोंडाशी, त्या लोकांत. हातात टेंभा व्हता का न्हाई ते मला म्हाईत न्हाई, तो म्हनतो व्हता. म्हनून तो रांगंच्या मागं राहिला. तुमी आत येताल म्हनून वाट अडवून हुबा हाय. अजून."

सोजराबाईनं दत्तरावाकडं बघितलं.

"म्हनला, किसन, तुज्यावर इस्वास हाय, पर तू भोळा हायस. दादाची चप्पल तुज्या पायात दिसली आन् तुजी दादाच्या, तरच म्या बाहेर येतो."

दत्तरावानं पाठ फिरवली. तो घायपाताकडं तोंड करून उभा राहिला आणि सोजराबाई त्याच्या पाठीला म्हणाली, "दत्ता, चप्पल काढ. मी अडवत न्हाई आता."

तो निघून गेला.

सकाळ

त्या गावाच्या रस्त्यावरून सकाळी तेवढी एकच यष्टी जाते, तिनं मी निघणार होतो. ती गाठली तरच परभणीला पुढची गाडी मिळाली असती आणि त्या गावात आणखी एक रात्र काढायची माझी इच्छा नव्हती. पिशवी खांद्याला लावून निघालो, तर रस्त्यावरून खिंड दिसते. तिथं किसन बसला होता. झापड आलेली, म्हणजे बराच वेळ बसला असावा. सोजराबाई थोडी बाजूला, मांडीवर भाकरीचं फडकं. किसनची बायको तिच्यापासून दोन हात लांब, पण त्याच बांधावर.

मी त्यांच्याजवळ जाऊन उभा राहिलो. जाता जाता निरोप घ्यावा म्हणून.

दत्तराव शेताकडून आला. दाढी केलेली, डोळे लाल. थेट खिंडीपाशी गेला. किसनच्या समोर उभा राहिला आणि डाव्या पायातली चप्पल काढली. ती त्यानं पायानं सरकवली नाही. खाली वाकून हातात घेतली, बांधावर आपटून माती झटकली आणि किसनच्या पुढं ठेवली.

किसननं ती लगेच घातली नाही. उचलून उलटी केली. आत बोट फिरवून काटा, खिळा काही नाही ना, ते बघितलं. दत्तराव ते बघत उभा राहिला आणि त्यानं बघू दिलं. मग किसननं आपली झिजलेली, घायपाताच्या गाठीची चप्पल काढून त्याच्यापुढं ठेवली. दत्तरावाचा पाय मोठा होता, टाच बाहेर राहिली.

दोघं उभे राहिले. सोजराबाईनं फडकं दत्तरावाच्या हातात दिलं.

"तीन हायत," ती म्हणाली. "त्याला आधी द्या."

रस्त्यावर यष्टीचा हॉर्न वाजला. ड्रायव्हरनं मला बघून गाडी हळू केली होती. विजोड चपलांतले चार पाय एकदम उचलले गेले आणि घायपाताची पाती मागं जुळली. तूर हलली नाही.

"जावा तुमी," सोजराबाई मला म्हणाली. "तुमची गाडी जाईल."

मी पिशवी खाली ठेवली आणि बांधावर बसलो. यष्टी गेली. आतून पाय आपटल्याचा आवाज येतोय का, म्हणून मी कान देऊन ऐकत राहिलो.